पाहुण्यांच्या सिनेमातली बस

याद्या करायची सवय मला आधीपासूनच. दूध, धोबी, गॅसचा नंबर, सगळं वहीत. नेमकी एकच यादी मी केली नाही.

नोकरीच्या पहिल्या वर्षी आमच्या वरच्या खोलीत हंगेरीचे एक गृहस्थ तीन महिने राहिले. ते पटकथा लिहीत. आधी रेडिओ, मग मुलांची टीव्ही नाटकं, मग सिनेमे. आता अजिंठ्याला आलेल्या एका म्हातारीची गोष्ट चालली होती. त्यांच्या इंग्रजीचं मराठी मी आईला करून सांगे. आईसाठी ते ‘पाहुणे’च.

एकेक प्रसंग ते एकेका कार्डावर लिहीत, फरशीवर मांडत आणि सारख्या जागा बदलत. म्हणून आकडे घालत नसत. त्या क्रमाची यादी मीही करून ठेवली नाही.

एका सकाळी ते पाणचक्कीकडे फिरायला गेले आणि आई झाडायला वर गेली. लिहिलेला कागद जमिनीवर! तिनं दारापासून खिडकीपर्यंत एकेक कार्ड उचललं, कपाळाला लावलं आणि सगळा गठ्ठा कोनाड्यात ठेवला.

“अगं आई, तो त्यांचा अख्खा सिनेमा होता!”

“मग सिनेमा असा पायाखाली ठेवत्यात व्हय? सरस्वती हाय ती.”

पाहुणे आले, रिकामी फरशी पाहून त्यांनी कोनाड्यातला गठ्ठा हातात घेतला. मी माफी मागत राहिले. त्यांनी वरचं कार्ड वाचलं, मग त्याखालचं. म्हातारी अजिंठ्याहून परतीच्या बसमध्ये चढते, तो शेवटचा प्रसंग सगळ्यात वर आला होता. ते हसायला लागले. “आईंना सांगा, सिनेमा इथूनच सुरू करतो.”

आईला पटलं नाही. “पाहुणा माणूस, तोंडावर दुसरं काय म्हणल? माझ्यामुळं नासलं त्यांचं.”

ते गेल्यावर वर्षभरानं पत्र आलं. सिनेमा तिकडच्या टीव्हीवर लागला होता. सुरुवातीबद्दल एक शब्द नाही. मी लिहून विचारलं. उत्तर आलं नाही. तेव्हापासून टीव्हीवर परदेशी सिनेमा लागला की आई हातातलं काम टाकून समोर बसे. सुरुवातीला बस दिसली नाही की उठे. “नाय, ह्यो नाय.” अखेरच्या आजारातही तिनं मला टीव्ही लावायला सांगितला होता.

आता त्यांची सगळी कारकीर्द कॉम्प्युटरवर एका पानात मावते. आमचा सिनेमा त्यात आहे, पण नुसतं नाव. दर वर्षी नवी डायरी आणली की राहिलेली कामं मी पुढं उतरवते. पहिली ओळ तीच असते: बस बघायची.