प्लेट पडल्यानंतरची शांतता

“तो मधेमधे नुसता उभा राहतो, ते सगळं कापा,” ब्रॅड म्हणाला.

ब्रॅड आमचा क्लायंट. जुने सिनेमे विकत घेऊन टीव्ही चॅनलना देणाऱ्या कंपनीचा माणूस. मी कॅलिफोर्नियात, सांता क्लारात फिल्म रिस्टोरेशन करतो. म्हणजे जुनी, ओरखडे पडलेली फिल्म स्कॅन करायची आणि एकेक फ्रेम, म्हणजे एकेक चित्र, कॉम्प्युटरवर साफ करायची. नागपूरहून आलो आणि गराजमध्ये लोकांच्या लग्नाच्या कॅसेट डीव्हीडीवर उतरवून देत धंदा उभा केला. मला कुणी फुकट काही दिलं नाही, त्यामुळे मीही सहसा देत नाही.

ब्रॅडवर माझा राग आधीपासूनचा. मागच्या सिनेमात त्यांनी आमचं नावच गाळलं. विचारलं तर म्हणाला, राहून गेलं. म्हणून या वेळी भांडून कॉन्ट्रॅक्टमध्ये घालून घेतलं होतं: सिनेमा संपल्यावर आमच्या कामाची चांगली लांबलचक क्लिप, आधीचं चित्र आणि नंतरचं, आणि त्यावर माझं नाव. मोठ्या अक्षरांत.

सिनेमा फिनी डॉब्स या विनोदी नटाचा. हा माणूस व्हॉडविलमध्ये तयार झाला. एका तिकिटात गाणी, कसरती, जादू, नकला असा तो प्रकार. कलाकार आपापला एकच खेळ घेऊन ट्रेननं गावोगाव हिंडायचे. फिनीचा खेळ वेंधळ्या वेटरचा. वर्षानुवर्षं तोच वेटर, त्याच प्लेटा, फक्त गाव वेगळं. मग तो मूकपटांत आला, मग बोलपटांत. तिथे फार टिकला नाही. स्टुडिओला भराभर संवाद हवे होते आणि हा मधेच गप्प. शेवटी एका हॉटेलात खराखुरा मॅनेजर झाला. त्याची नात सांगत होती, गिऱ्हाईकं जेवण संपलं तरी उठायची नाहीत, आजोबांच्या हातून काही पडतंय का बघत बसायची.

आमच्याकडच्या या बोलपटाची एकच प्रिंट उरली होती, आणि ती इतकी ठिसूळ की पुन्हा स्कॅनरवर चढणार नव्हती. आम्ही जो मास्टर देऊ त्यावरूनच पुढच्या सगळ्या कॉपी निघणार, कच्चं स्कॅन कुणी विचारणार नाही. कापलं की कायमचं गेलं.

खरं सांगायचं तर ते थांबे मलाही खटकत होते. प्लेट पडते, फिनी दाराकडे बघतो आणि बघतच राहतो. हेडफोन लावून एकट्यानं बघताना वाटायचं, फिल्म अडकली. पण महिनोन् महिने साफ केलेलं काम हा कापा म्हणतो, म्हणून माझं डोकं फिरलं.

“दादा, जरा शांतपणे,” मेघना म्हणाली. ती माझ्याकडे फ्रेम साफ करते. “नाही म्हणायचं ठीक आहे, पण कारण काय देणार?”

“कारण नंतर शोधू. आधी नाही म्हणू.”

ब्रॅडचं म्हणणं, चॅनलचा स्लॉट, म्हणजे दिलेला वेळ, ठरलेला, सिनेमा त्यात बसलाच पाहिजे. मी म्हटलं, “स्टेजवरचा माणूस आहे हा. लोकांसमोर लावून बघू. हॉल माझा, लोक माझे. नाही हसले तर कापतो.”

“आणि हसले तर?”

“मग बोलू.”

शनिवारी मराठी मंडळाचा कार्यक्रम होता. जेवणाआधी सिनेमा ठेवला. किचन सांभाळणाऱ्या वसुधाकाकूंनी बजावलं, “दिलीप, माझे वडे गार झाले तर तुझ्या त्या वेटरलाच खायला घालीन.” ब्रॅड मागच्या रांगेत हाताची घडी घालून बसला.

पहिली प्लेट पडली. थोडे हसले. फिनी थोडाच थांबला. दुसरी पडली. हसू वाढलं, थांबाही वाढला. मग अख्खा ट्रे कोसळला आणि हॉलभर हशा फुटला. पोरं खुर्च्यांवर उभी राहिली. फिनी दाराकडे बघत उभा. हसू ओसरत गेलं, कोपऱ्यातलं शेवटचं हसू विरलं, आणि त्यानं तोंड उघडलं. एक शब्द बुडला नाही.

मेघनानं माझा दंड घट्ट धरला. स्टुडिओत त्याच्यासमोर फक्त कॅमेरा होता. तरी तो हसणाऱ्यांसाठी थांबला होता. कुठल्या हसणाऱ्यांसाठी? आमच्यातलं तेव्हा कुणी जन्मालाही आलेलं नव्हतं.

“किती समजूतदार आहे हो,” डोळे पुसत वसुधाकाकू म्हणाल्या. “आपलं हसून होईपर्यंत बोलत नाही.”

“काय म्हणाल्या त्या?” ब्रॅडनं विचारलं. मी इंग्रजीत सांगितलं. त्यानं हाताची घडी सोडली.

“ठीक आहे,” मग तो म्हणाला. “थांबे राहू देत. पण स्लॉट तेवढाच आहे. काहीतरी जायला हवं.”

काय, ते मला कळलं होतं. “तुमच्या कंपनीचा लोगो काप.”

“तो काढता येत नाही. तुमची क्लिप काढता येते.”

एरवी मी दोन तास भांडलो असतो. त्या दिवशी जमेना. “काप,” म्हटलं.

सिनेमा टीव्हीवर लागला. फिनी पुरता थांबतो. माझं नाव कुठेही नाही, आणि ब्रॅडवरचा राग तसाच आहे.

या धंद्यात येणाऱ्यांना दोन गोष्टी सांगतो. विनोदी सिनेमात काय रिकामं आहे ते हेडफोन लावून ठरवू नका. आणि क्लायंटशी घासाघीस करायची ती सिनेमा लोकांत बसून बघण्याआधी संपवा. नंतर भाव करता येत नाही.