पंचाहत्तरच्या वर माणसं

नवऱ्याची बँकेतून जयपूरला बदली झाली. जवाहर नगरात आमचं सामान अजून लागलंही नव्हतं, तोवर इथल्या मराठी मंडळाचे अध्यक्ष घरी आले. विमा कंपनीतून निवृत्त झालेले, अर्धं आयुष्य जयपुरात गेलेले आणि शुद्ध मराठीचे स्वयंघोषित राखणदार. चहा पिता पिता त्यांनी माझ्या लेकीला 'मतलब' म्हटल्याबद्दल टोकलं आणि जाताना नवऱ्याला मंडळाचा खजिनदार करून गेले.

त्याच आठवड्यात मंडळाच्या बैठकीत एक बाई आल्या होत्या. आईवडील मराठी, जन्म जयपूरचा, सासर जयपूरजवळच्या चौमूं गावचं, राजस्थानी. त्यांना सभासद व्हायचं होतं. अध्यक्ष म्हणाले, "तुमच्या घरी मराठी बोलत नाहीत. नियमात बसत नाही." बाई पर्स उचलून निघून गेल्या. आम्ही मध्ये पडलो नाही, नवीन होतो ना!

पुढच्या वर्षी संक्रांतीनंतरच्या स्नेहसंमेलनाची बैठक आमच्या घरी झाली. जेवणासाठी दोन हलवायांनी भाव दिले होते. पहिल्याचे ताटामागे दोनशे साठ रुपये. दुसऱ्याचे एकशे ऐंशी, पण भांडी, भट्टी आणि आचारी यांचे सहा हजार वेगळे.

"आपली साठच माणसं असतात, पहिलाच परवडेल," नवरा म्हणाला.

पण अध्यक्षांनी नुकताच अकरावीतल्या नातीला गणितातला असमानतेचा धडा शिकवला होता. त्यांनी पेन काढलं. "अंदाजानं नको, गणितानं ठरवू. माणसं क्ष. दुसरा कधी स्वस्त? ६००० + १८०क्ष हे २६०क्ष पेक्षा कमी असेल तेव्हा. म्हणजे ८०क्ष सहा हजारांहून जास्त. म्हणजेच क्ष पंचाहत्तरहून मोठा!"

"पण येतात साठ."

"मग वाढवायची!"

क्ष शोधायचा असतो एवढंच मला शाळेत शिकवलं होतं. त्याला फोन करून जेवायला बोलवायचं असतं, हे त्या दिवशी कळलं.

छावणीतली लष्करी कुटुंबं झाली, सांगानेरला नव्यानं बदलून आलेले झाले. तरी आकडा सत्तरच्या आसपास अडला. तेव्हा अध्यक्षांना चौमूं आठवलं. "तुम्ही करा फोन," ते मला म्हणाले, "बायकांचं बायकांशी जमतं."

मी फोन केला. बाईंनी तारीख लिहून घेतली. मग म्हणाल्या, "सासरचे पण आणू? सगळे?"

मी अध्यक्षांकडे पाहिलं. ते दोन्ही हात पसरून खुणावत होते, सगळे, सगळे!

बाई दोन जीप भरून माणसं घेऊन आल्या. त्यांच्या सासूबाईंनी गुळाच्या पोळ्या तीनदा मागून घेतल्या आणि आमच्या आचाऱ्याला तूप कमी घातल्याबद्दल झापलं. ताटं एक्याण्णव झाली.

अध्यक्षांनी माइक घेतला. "पहिल्या हलवायाकडे हेच जेवण तेवीस हजार सहाशे साठला पडलं असतं. गणितामुळे मंडळाचे बाराशे ऐंशी रुपये वाचले!"

टाळ्यांच्या कडकडाटात नवरा माझ्या कानाशी कुजबुजला, "साठ जणांत पंधरा हजार सहाशेत भागलं असतं. आता बावीस हजार तीनशे ऐंशी द्यायचेत."

"मग सांगा की."

"टाळ्या थांबू देत," तो म्हणाला. टाळ्या थांबल्या. नवरा उठून ताक आणायला गेला.

निघताना बाई अध्यक्षांपाशी थांबल्या. "काका, पिछल्या साली मी नियमात बसत नव्हते. मतलब, आता बसले काय?"

या वेळी 'मतलब'वर कोणी टोकलं नाही. अध्यक्षांनी बडीशेप चघळली. "अर्ज देऊन ठेवा. समिती विचार करेल."

"नको काका. जेवण छान होतं," बाई म्हणाल्या आणि सासूला हात देऊन जीपमध्ये बसवू लागल्या. मी फाटकापर्यंत गेले. तिळगुळाची पुडी त्यांच्या हातात कोंबली.

पाडव्याच्या आधी मंडळाच्या ग्रुपवर अध्यक्षांचा निरोप आला, की यंदा कार्यक्रम सुटसुटीत ठेवला आहे, भोजन नाही, सर्वांनी घरूनच जेवून यावे. त्यावर आठ जणांनी हात जोडलेले पाठवले. त्यात माझा नवराही होता.

पाडव्याला आम्ही चौमूंला जेवलो.