पंधराशे मीटर

खांदा कायमचा दुखावल्यावर माझ्या पोहण्याच्या स्पर्धा सुटल्या. त्यानंतर परवा प्रथमच प्रेक्षक म्हणून तलावावर गेले. शेजारी बाबा होते. मुलींची पंधराशे मीटर फ्रीस्टाइल सुरू झाली आणि चार-सहा फेऱ्यांतच आमच्या आजूबाजूचे लोक चहाला उठले. लांब पल्ल्याच्या शर्यतीला गर्दी असते ती सुरुवातीला आणि शेवटाला. मधलं सगळं पाणी रिकाम्या बाकांसमोर कापायचं असतं.

माझी तरुण वर्षं त्या मधल्या पाण्यातच गेली. खाली तळाची काळी रेघ. श्वासासाठी मान वळवली की क्षणभर उजेड, कुणाच्या तरी आवाजाचा तुकडा, आणि पुन्हा पाणी. तो आवाज बाबांचाच, असं मी धरून चालले होते. त्या भरवशावर कितीदा तरी दमलेले हात ओढत नेले.

"बाबा, मी पोहताना तुम्ही काय ओरडायचात हो?"

ते ओशाळले. "मी कुठला ओरडतोय? सगळे उठून जायचे. एकट्यानं ओरडायची लाज वाटायची गं. नुसता बसून राहायचो."

समोर कडेच्या लेनमधली मुलगी फार मागे पडली होती. बाकीच्या पोहून बाहेर आल्या होत्या आणि शेवट पाहायला परतलेले लोकही पुन्हा उठून गेले होते. बाबा एकदम उभे राहिले आणि रिकाम्या बाकांमधून मोठ्यांदा ओरडले, "चल पोरी, चल! आलंच!"

तिला ते ऐकू गेलं की नाही, कोण जाणे. मला ऐकू आलं.