डबा न्या, स्पीकर राहू द्या

"डबा तेवढा आठवणीनं न्या हं. स्पीकर मात्र राहू द्या, सगळ्यांना अजून नाचायचंय."

ज्यांच्याकडं जेवण होतं त्या वहिनी दारात उभ्या राहून हसत हसत हे म्हणाल्या आणि डबा माझ्या हातात दिला. आई वाकून बूट घालत होती. जर्मनीत आल्यापासून बुटांशी तिची झटापट चाललेली. तिनं मान वर करून डब्याकडं पाहिलं. तिच्याच जुन्या लुगड्याचं फडकं. वर तिचीच गाठ. सकाळी मारली होती तशीच.

"कुणी सोडलाच न्हाई का रं?" आई मला म्हणाली. हळूच, पण वहिनींना ऐकू गेलं.

"अहो काकू, राहूनच गेलं बघा! टेबलावर इतकं काय काय होतं ना."

राहूनच गेलं. बासुंदी राहिली नाही. कोथिंबीरवडी राहिली नाही. दुकानातून आणलेला केकसुद्धा लोकांनी चाटूनपुसून संपवला. आमच्या शेंगापोळ्या तेवढ्या राहून गेल्या.

मी संशयी माणूस आहे, हे आधीच सांगून टाकतो. पण संशय काही मी आईच्या पोटातून घेऊन आलो नाही. तो मला लोकांनी थोडा थोडा वाढला.

एर्लांगेनला मी दवाखान्यातली तपासणीची यंत्रं बनवणाऱ्या एका कंपनीत इंजिनियर आहे. आलो तेव्हा इथल्या मराठी लोकांनी मोठ्या प्रेमानं बोलावलं. माझं आडनाव गावावरून पडलेलं, त्यावरून काहीच कळत नाही. मग चौकशा सुरू झाल्या. मूळचे कुठले? गावात घर कुठं? कुलदैवत कोणतं तुमचं? मी म्हटलं, आम्ही बौद्ध. "अरे वा! छान! आम्ही घरात असलं काही मानतच नाही बरं का," वहिनी म्हणाल्या. मी काहीच विचारलं नव्हतं.

आमच्यात रविवारचं जेवण असतं. प्रत्येक घरानं एकेक पदार्थ करून आणायचा, आणि कुणी काय आणायचं ते वहिनी ग्रुपवर कळवणार. माझ्या वाट्याला पहिल्या वेळी कोल्ड्रिंक आणि स्पीकर आला. दुसऱ्या वेळी स्पीकर आणि कागदी प्लेट्स. नंतर नुसता स्पीकर. "तुम्ही एकटे, कुठं स्वयंपाक करत बसता?" आमच्यातला निनादही एकटाच राहतो. त्याला साधा वरणभात लावायला येत नाही. त्याला मात्र दर वेळी उसळ असायची, आणि ती कच्ची राहिली तरी लोक वाहवा करून खायचे. मी मनाशी म्हणायचो, योगायोग असेल. उगाच कशाला वाईट धरायचं? माणूस परक्या देशात अशी स्वतःचीच समजूत घालत राहतो.

मग एक अल्बम हाती लागला. इथं शनिवारी फ्लोमार्क्ट भरतो, जुन्या वस्तूंचा बाजार. तिथं एका रेकॉर्डच्या कव्हरवर चार काळी पोरं पत्र्याच्या घराच्या पायरीवर बसलेली दिसली. विकणारा म्हातारा म्हणाला, हा त्यांचा पहिलाच अल्बम. अमेरिकेच्या दक्षिणेकडची पोरं, रॅप करणारी. उत्तरेतल्या मोठ्या शहरांतले रॅपवाले त्यांच्या बोलीला हसायचे, गावंढळ म्हणायचे. तर या पोरांनी पहिला अल्बम काढला तो त्याच बोलीत, एक शब्द न बदलता. मला वाटलं, माल खपवायला कहाण्या सांगतोय. तरी घेतला. रेकॉर्ड वाजवायला माझ्याकडं काही नव्हतंच. ती भिंतीला टेकवून ठेवली आणि तोच अल्बम फोनवर शोधून स्पीकरवर लावला.

सुरुवातीला गाणंच नाही. स्वयंपाकघर आहे. भांडी वाजतात आणि एक बाई आतून मोठ्यानं हाक मारते, पोरांनो जेवायला या, सगळेच्या सगळे या. मग ढोल सुरू होतो. पुढं एका गाण्यात त्या चौघांतला थोरला आपल्या आजोबांचं सांगतो. आजोबा बंगल्यांवरच्या पार्ट्यांत गिटार वाजवायचे. मागच्या दारानं आत जायचं, वाजवायचं आणि अंगणात उभ्यानं खाऊन निघायचं. ती बोली मला पुन्हा पुन्हा ऐकून उमगली. उमगली तेव्हा मी गाणं थांबवलं.

कारण माझा आज्या हलगी वाजवायचा. त्याच्या हलगीशिवाय गावात कुणाची वरात हलायची नाही. सगळी पंगत उठली की त्याला वाढायचे, उकिरड्याच्या बाजूला, वरून. माझ्या बापानं हलगीला हात लावला नाही, मला लावू दिला नाही. मला शिकवलं. आणि च्यायला, मी शिकून जर्मनीत येऊन काय करत होतो? स्पीकर वाहत होतो!

पण हा नुसता संशय होता. पुरावा नव्हता.

मग आई आली. वहिनींचा मेसेज आला, "काकूंना कशाला त्रास? तुम्ही फक्त स्पीकर आणा." आई म्हणाली, "मोकळ्या हातानं कुणाच्या घरी जाऊ न्हाई." सकाळपासून ओट्याशी उभी होती. इथल्या शेंगदाण्याला चव नाही म्हणून सोलापूरहून आणलेलं कूट तिनं काढलं. वहिनींनी डबा घेतला, "अय्या, कशाला काकू!" म्हणाल्या आणि आत नेला. मी हात धुवायला गेलो तेव्हा डबा न्हाणीघरात वॉशिंग मशीनवर होता. म्हटलं, टेबलावर जागा नसेल.

आता तोच डबा माझ्या हातात होता आणि आतून नाचाचं गाणं ऐकू येत होतं. माझ्याच स्पीकरवर.

मी बुटांसकट आत गेलो. वहिनी "अहो, बूट!" म्हणाल्या. मी गाणं बंद केलं. तो अल्बम लावला. भांडी वाजली, त्या बाईची हाक घरभर घुमली. सगळे माझ्याकडं बघायला लागले. मी टेबलावर जागा केली, गाठ सोडली, झाकण काढलं.

"माझ्या आईनं केल्यात," मी म्हटलं. "खा."

एकजण म्हणाला, डाएट आहे. निनाद फोनमध्ये घुसला. "हे कसलं वस्तीतलं लावलंय," असंही कुणीतरी मागून म्हणालं. वहिनींच्या नवऱ्यानं एक पोळी घेतली, कोपरा मोडला, तोंडाशी नेला आणि पोळी टिश्यूखाली ठेवली. "आल्झो, छानच आहे हं," जर्मन लोक बोलण्याआधी म्हणतात तसं म्हणाला.

"वहिनी, डबा का नाही उघडला?"

"अहो, सांगितलं ना, विसरले मी. तुम्ही उगाच संशय घेता. सगळ्यात तेच काय बघायचं?"

असेलही विसरल्या. मला ते आता शोधायचंच नव्हतं. त्यांच्या मनात काय आहे ते मी किती वर्षं चाचपत बसणार? डबा टेबलावर उघडा होता आणि भरलेला होता. तेवढं मला पुरे होतं.

मी टिश्यूखालची पोळीसुद्धा उचलून डब्यात ठेवली. एका हातात डबा घेतला, दुसऱ्या हातात स्पीकर. तो वाजतच होता. जिन्यानं उतरेपर्यंत मी तो बंद केला नाही.

बसथांब्यावर आईनं डबा मांडीवर घेतला. "दे त्यातली एक. मला बी काय गेलं न्हाई तिथं," म्हणाली. तिचे डोळे भरले होते. माझा राग अजून गेला नव्हता. तरी आम्ही खाल्ल्या. चांगल्या झाल्या होत्या.

पुढच्या रविवारसाठी ग्रुपवर नेहमीसारखा मेसेज आला. झाल्या गोष्टीचं अवाक्षर नाही. माझ्या नावापुढं, स्पीकर.

मी लिहिलं, "आधी आईचा डबा उघडायचा, सगळ्यांच्या पानात वाढायचा. मग स्पीकर."

सगळ्यांनी वाचलं. त्या रविवारी तिथं काय वाजलं मला माहीत नाही. माझ्या हातून काही वाजलं नाही, आणि यापुढं वाजणार नाही.