राजाला दार लावता येईना

जुन्या शोकांतिकेतला शेवटचा प्रवेश म्हणजे नटाची चंगळ. आपल्याच हुकुमाने मारल्या गेलेल्या मुलाच्या प्रेतावर राजा कोसळतो आणि पानभर विलाप करतो. राजाचं काम करणारा दादा तालमीच्या पहिल्या दिवसापासून त्या पानावर डोळा ठेवून होता. दिग्दर्शकाने नेमकं तेच पान कापलं.

"अरे, जेवायला बसवून पुढचं ताट ओढून घेतोस की काय?" दादा भडकला. दोघांची मैत्री कॉलेजपासूनची, त्यामुळे बोलायला आडपडदा नव्हता.

"रडायला समोर माणूस लागतो," दिग्दर्शक म्हणाला. "याचं कोण उरलंय? तो फक्त म्हणेल, दार लावा. कुणी येणार नाही. मग स्वतःच उठेल. जन्मात कधी कडी लावलेली नाही त्याने. लागणारच नाही ती."

"लोक हसतील."

"हसू देत."

स्वतःची बायको गेल्यावर भेटायला येणाऱ्यांपुढे दिग्दर्शक ढसाढसा रडला होता. माणसं यायची थांबली, तसे डोळेही कोरडे पडले. मग एकदा उशीला अभ्रा घालताना त्याचे हात अडखळले. इतकी वर्षं संसार केला, पण हे काम कधी त्याच्या वाट्याला आलंच नव्हतं. उशी एकीकडे, अभ्रा भलतीकडे. तो तसाच पलंगाच्या कडेला बसून राहिला. हे त्याने कुणालाच सांगितलं नव्हतं, दादालाही नाही.

पहिला प्रयोग दुपारचा होता. दादा कडीशी झगडू लागला, तशी मागच्या रांगांत खसखस पिकली. कडी खरोखरच अडकली होती. दादाने दोन्ही हातांनी ओढून पाहिली. मग वळला आणि संहितेत नसलेलं वाक्य अगदी साध्या आवाजात बोलला, "कुणी आहे का?"

नाट्यगृह चिडीचूप झालं. विंगेत उभ्या दिग्दर्शकाच्या तोंडून "ओ" निघता निघता राहिला.

पडदा पडला. टाळ्या बेताच्याच आल्या. रंगपटात दादा तोंडावरचा रंग पुसता पुसता थांबला. "वहिनी गेल्यावर घरी तुझं... असंच असतं का रे?"

दिग्दर्शकाने मुकुट पेटीत ठेवला. "ते वाक्य राहू दे," तो म्हणाला. "पुढच्या प्रयोगातही म्हण."

दादाची सून आणि नातवंडं दाराशी खोळंबली होती. "चल आमच्याकडे," दादाने आग्रह केला. "आज नको," म्हणत तो बाहेर पडला. ऊन अजून उतरलं नव्हतं. घर लवकर येऊ नये म्हणून त्याने लांबचा रस्ता धरला.