चौघडा वाढवला

भुलेश्वरच्या कोरीव भिंतींपुढे पाहुणे फोटो काढत होते आणि मी घड्याळाकडे बघत होतो. अकरा वाजून गेले होते. नेहमीच्या कार्यक्रमाप्रमाणे एव्हाना आम्ही भीमेकाठी पोहोचायला हवं होतं. पण त्या रविवारी कार्यक्रम बदललेला होता, आणि तो ऑफिसने बदलला होता. ऑफिसने बदललेल्या कार्यक्रमाला गाईडने नाक मुरडायचं नसतं.

मी तेव्हा पुण्यातल्या एका छोट्या टूर कंपनीत गाईड होतो. नव्वदीचं दशक सरत आलं होतं. शिरूरकडे रांजणगावच्या एमआयडीसीत परदेशी कंपन्या येत होत्या. त्यांचे साहेब आणि साहेबांच्या बायका रविवारी कुठे जायचं म्हणून विचारायच्या. त्यातून आमची टेम्पल टाऊन डे टूर निघाली. सकाळी पुणे सोडायचं, यवतला नाश्ता, चौफुल्यावरून पुढे दौंड तालुक्यातलं एक देवस्थानाचं गाव. गावाचं नाव सांगत नाही, तिथे माझं अजून जाणं-येणं आहे. नदीचा घाट, दीपमाळा, जुनी पेठ, पत्रावळीवरचं जेवण आणि संध्याकाळी परत. या सगळ्याचं वेळापत्रक म्हणजे इटिनररी. गाईडची भगवद्गीता तीच.

या टूरमधली खरी गोष्ट म्हणजे दुपारी बाराचा चौघडा. महाद्वाराच्या डोक्यावर जी खोली असते तिला नगारखाना म्हणतात. तिथे देवापुढे रोज ठरल्या वेळी नगारे आणि सनई वाजते, तो चौघडा. आमच्या या गावात सनई कधीच थांबली होती, साथीदार गेले होते, आणि चौघड्यात उरले होते एकटे अमीनमामा. त्यांच्या घराण्याकडे ही सेवा पिढ्यान् पिढ्या चालत आलेली. एक मोठा नगारा, एक लहान, आणि हातात दोन टिपऱ्या. साठी उलटलेला हा किरकोळ माणूस वाजवायला बसला की खाली पेढेवाला सुटे पैसे द्यायचा थांबायचा. मी शंभरदा तरी ऐकलं असेल, दर वेळी अंगावर काटा यायचा. पाहुणे देवळाचं नाव विसरायचे, पण चौघडा विसरायचे नाहीत.

मामांचा मुलगा सलीम रांजणगावला प्रेस शॉपमध्ये ऑपरेटर होता. नुकताच पर्मनंट झालेला, शिफ्टची नोकरी, राहायला शिरूरमध्ये खोली. त्याच्या हातात नगाऱ्याचं काही उतरलं नव्हतं आणि उतरायला वेळही नव्हता. त्या रविवारच्या महिनाभर आधी पाहुणे जेवायला गेलेले असताना मामांनी मला बाजूला घेतलं.

"गाईडसाहेब, एक काम हाय. ह्ये एकदा टेपात भरून द्या."

"चौघडा?"

"व्हय, सगळा. सुरुवातीपास्नं शेवटापातुर. सलीमला आज सवड न्हाई, पन उद्या कवा वाटलं तर? माझ्या माघारी त्येला कळाया नगं का, म्हातारा वर बसून काय वाजवत व्हता?"

"मग पुढच्या वेळी करू."

"लवकर करा. ह्यो खांदा आता माझं ऐकत न्हाई." उजव्या खांद्यावर हात ठेवून ते हसले.

माझ्या ओळखीत मालतीबाई होत्या. शाळेत संगीत शिकवून रिटायर झालेल्या, आणि त्यांच्याकडे चांगला टेपरेकॉर्डर आणि वेगळा माइक होता. त्या एका पायावर तयार झाल्या. मामांनी सोयीचा दिवस फोन करून कळवायचा असं ठरलं.

फोन आला तेव्हा मी महाबळेश्वरला दुसऱ्या ग्रुपबरोबर होतो. तो घेतला आमच्या बुकिंग मॅनेजर रागिणी मॅडमनी. हुशार, मेहनती, कामाला वाघ. वाढल्या दिल्लीत, त्यामुळे मराठी घरातलं, स्वच्छ आणि बेताचं. शनिवारी संध्याकाळी मी ऑफिसात टेकलो तोच त्या म्हणाल्या, "तुमच्या अमीनमामांचा फोन होता. उद्या ते प्रोग्रॅम एक्स्टेंड करतायत. टेप घेऊन यायला सांगितलंय."

"एक्स्टेंड? त्यांचा खांदा दुखत होता."

"बरा झाला असेल. आवाज अगदी ठणठणीत होता. मी लगेच पाहुण्यांना कळवून टाकलं, स्पेशल लाँग परफॉर्मन्स. सकाळी भुलेश्वर पण घातलंय, यवतला जेवण, आणि दोनपर्यंत तुम्ही तिकडे."

"मॅडम, चौघडा बाराला असतो."

"तेच तर सांगतेय ना, एक्स्टेंड केलाय. दुपारभर चालेल."

मी गावातल्या एसटीडी बूथवर फोन लावून पाहिला. बेल वाजत राहिली. बूथवाला अंधार पडायच्या आत शटर ओढून घरी जायचा. मग मीही मनाची समजूत घातली. मामांना टेपचा उत्साह आला असेल, नेहमीचं झाल्यावर पुन्हा बसणार असतील. खरं सांगायचं तर मला आनंदच झाला. मालतीबाईंना मी सांगितलं, जास्तीच्या कॅसेट घ्या.

तर आम्ही भुलेश्वर पाहिलं. पाहुणे खूश. यवतच्या ढाब्यावर पिठलं-भाकरीचे फोटो निघाले. पाटसच्या अलीकडे उसाच्या गाड्यांमागे थोडा वेळ गेला. दोनच्या सुमारास गावात शिरलो, तेव्हा मी बसमध्ये माइक घेऊन चौघड्याची माहिती देत होतो. आज तुम्ही भाग्यवान आहात, असंही म्हणालो.

महाद्वारापाशी आंब्याच्या पानांचं तोरण होतं. सभामंडपात एक नवीन वस्तू दिसली. लोखंडी स्टँडवर ढोल, झांजा आणि घंटा, खाली मोटार. कुणा दात्याने देवाला दिलेलं आरतीचं मशीन. त्याला हळदकुंकू वाहिलेलं होतं. नगारखाना मात्र शांत होता. मामा नगारखान्याच्या पायरीवर बसलेले, डोक्याला नवा फेटा, समोर अर्धी नारळाची वाटी.

"मामा, सुरू कधी करताय?"

"काय?"

"चौघडा."

"चौघडा वाढवला की."

"हो, ऑफिसमध्ये कळलं. म्हणून तर आलो. मग पुढचा किती वाजता?"

ते माझ्याकडे बघतच राहिले. "गाईडसाहेब, बाराला वाजवला. देवाम्होरं नारळ वाढवला, आन् चौघडाबी वाढवला. लई वाट बघितली तुमची. पुजारीबुवा म्हनले, मुहूर्त टळतोय. तरी मी जरा थांबलो व्हतो."

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. आपल्याकडे शुभ गोष्ट फुटत नाही, संपत नाही आणि बंदही होत नाही. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बांगडी फुटली तरी म्हणायचं वाढवली. रात्री वाणी दुकान बंद करत नाही, दुकान वाढवतो. मामांनी फोनवर सांगितलं असणार, रविवारी चौघडा वाढवतोय. अर्थ एवढाच, की रविवारी शेवटचा, मग कायमचा मिटला. खांद्याने हात टेकले होते, मशीन आलं होतं, आणि देवाला सांगून सेवा उतरवायचा दिवस नेमला होता. दिल्लीत वाढलेल्या कानांनी त्यातला 'वाढ' तेवढा ऐकला.

मी वर नगारखान्यात गेलो. दोन्ही नगाऱ्यांवर पांढरं धोतर पांघरलेलं होतं. वर फुलं होती, ताजी.

मालतीबाईंनी खाली माइक जोडून ठेवला होता. त्या म्हणाल्या, "मामा, थोडंसं वाजवा. मी तयार आहे."

"वाद्या सोडल्यात बाई. कातडं ढिलं पडलंय."

"पुन्हा ताणता येतील की," मी म्हणालो.

"येतील. पन देवाला काय सांगू? दुपारी सांगितलं त्ये खोटं व्हतं?"

पाहुण्यांपैकी एका बाईंनी मला हळूच विचारलं, हाच का तो एक्स्टेंडेड प्रोग्रॅम? मी त्यांना घाट बघायला पाठवलं.

मामांना माझी दया आली असावी. म्हणाले, "तोंडानं सांगतो. बोल तर भरून घ्या. बोलांनी देव रागवत न्हाई."

मालतीबाईंनी टेप सुरू केला. मामांनी डोळे मिटले, मांड्यांवर हात ठेवले आणि बोल म्हणायला लागले. डावा हात मांडीवर पडत होता, उजवा उचलत नव्हता. सुरुवात झकास झाली. मग एका ठिकाणी ते थांबले. पुन्हा पहिल्यापासून म्हणाले, पुन्हा तिथेच थांबले. तिसऱ्यांदाही तिथेच.

"टिपरू हातात असलं की म्होरलं आपसूक येतंय," ते म्हणाले. "हाताला ठावं हाय. तोंडाला न्हाई." हात मांडीवरून काढून घेतले. मग म्हणाले, "बंद करा त्ये, बाई."

जायच्या वेळी मला म्हणाले, "तुमची गाडी दिसंना तवा वाटलं, इसरले आसतील. म्या म्हन्लं, मोठ्या लोकांची कामं." एवढं बोलून पाहुण्यांना पेढे द्यायला गेले. त्या वाक्याने मला जेवढं लागलं तेवढं आजवर कुठल्या साहेबाच्या शिवीने लागलेलं नाही. विसरलो नव्हतो हो. बस भरून माणसं आणि कॅसेटी घेऊन निघालो होतो.

सोमवारी ऑफिसात रागिणी मॅडमना सांगितलं. त्यांचा आधी विश्वासच बसेना. "पण मराठीतच तर बोलले ना ते," म्हणाल्या. पुढच्या आठवड्यात स्वतः रजा टाकून गावाला जाऊन आल्या. मामांनी त्यांना जेवायला घातलं आणि 'पोरी, तुझा काय दोस' म्हणून शेजारणीला त्यांची खणाची ओटी भरायला लावली. दोष त्यांचा नव्हताच. पण दोष कुणाचा नाही म्हणून गेलेली गोष्ट परत येत नाही. टूरच्या माहितीपत्रकातून मी चौघडा काढायला लावला. त्याशिवाय त्या टूरला कुणी दुसऱ्यांदा येईना. पुढे ती बंद पडली. ती नुसतीच बंद पडली.

मामा गेल्याचं मला उशिरा कळलं, तेही सलीमकडून. तो एकदा ऑफिसात आला, कंपनीच्या युनिफॉर्मवरच, फर्स्ट शिफ्ट करून रांजणगावहून थेट. म्हणाला, "अब्बा म्हनायचे, तुमच्याकडं त्यांची टेप हाय."

मालतीबाईंनी ती मला देऊन ठेवली होती. मी लावली. तो खुर्चीच्या कडेवर बसून ऐकत होता. वडील तिसऱ्यांदा थांबले, 'बंद करा त्ये' म्हणाले, आणि पुढे नुसती खरखर.

"एवढंच हाय?"

"एवढंच."

त्याने ती मागे फिरवून पुन्हा लावली. वडील थांबले तिथे त्याची बोटं टेबलावर पुढे चालू लागली. लहानपणी नगारखान्यात खेळता खेळता कानावर पडलेलं असणार. चार-सहा ठोके नीट पडले. मग बोटं अडखळली आणि थांबली. त्याने पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा तिथपर्यंतच आलं.

"म्होरलं मलाबी न्हाई येत," तो म्हणाला. कॅसेट खिशात घालून शिरूरच्या गाडीला निघून गेला.

आता मी नव्या गाईडना शिकवतो. इतिहास, सनावळ्या, माइक कसा धरायचा, हे ते पुस्तकातून शिकतात. मी एकच सांगतो. दुसऱ्याचा निरोप पोहोचवताना त्याचा अर्थ सांगू नका, तो माणूस जो शब्द बोलला तो सांगा. मामांचा तो एक शब्द शनिवारी माझ्या कानावर पडला असता, तर मी टेपरेकॉर्डर उचलून मिळेल त्या एसटीने निघालो असतो.