वरच्या काकांची गोगलगाय

लालबागमध्ये पाय ठेवायला जागा नसते हे जगजाहीर आहे, पण त्याच लालबागमध्ये ज्याला घनदाट जंगल सापडलं असा माणूस पृथ्वीच्या पाठीवर एकच, आणि तो आमच्या डोक्यावर राहतो. म्हणजे आमच्या वरच्या खोलीत. म्हणून ते वरचे काका, आणि त्यांची बायको वरच्या काकी. काका कुठल्याशा कचेरीत कारकून होते, पण ते आपलं नावापुरतं. रद्दीवाल्याकडून आणलेली जुन्या निसर्गसंशोधकांची प्रवासवर्णनं वाचून वाचून त्यांचा जीव कधीच होडीत बसून दूरच्या नद्यांवर निघून गेला होता. किडे, पक्षी आणि झाडपाला गोळा करत मुलूख पालथे घालणारे, तापाने फणफणलेले, कंदमुळांवर दिवस काढणारे ते दाढीवाले साहेब काकांना सख्ख्या चुलत्यांसारखे. एकदा सकाळी सकाळी रडून लाल झालेले डोळे घेऊन दारात उभे. मला वाटलं, घरात कोणी गेलं. तर म्हणाले, "अरे, त्या साहेबाचं जहाज जळालं रे! इतक्या वर्षांची फुलपाखरं, सगळी समुद्रात!" ही दुर्घटना माझ्या पणजोबांच्या जन्माआधीची. चहा पाजून घरी पाठवावं लागलं.

काकांच्या मते चिंचपोकळीचा पूल ही सरहद्द. पलीकडे भायखळ्याच्या मंडईतून मेथीची जुडी आणायची असली तरी डोक्यावर साहेबी सोला हॅट, गळ्यात भिंग, खिशात होकायंत्र आणि तापावरच्या गोळ्या. दुसऱ्यांच्या सोसायटीत शिरायचं झालं, तर आधी वॉचमनच्या हातावर चिक्की. "परक्या मुलखात मुखियाला नजराणा द्यावा लागतो. नाहीतर झाडाआडून बाण येतात," असं त्यांनी मला अगदी गंभीरपणे समजावलं होतं. वॉचमन चिक्की खायचे आणि सलाम ठोकायचे, त्यामुळे काकांचा सिद्धान्त कधी खोटा ठरला नाही. मेथी मात्र बहुतेक वेळा राहूनच जायची.

जुने संशोधक मेलेले प्राणी दारूत बुडवून टिकवत, म्हणून काकांनीही एक मेलेली पाल रममध्ये घालून बरणी गॅलरीतल्या फळीवर ठेवली. गटारीच्या दिवशी समोरच्या बिऱ्हाडकरूच्या मेव्हण्याने ती बरणी आतल्या पालीकडे न बघता रिकामी केली. "वास जरा उग्र होता, पण लागली झकास," असं तो सांगत होता. पालीचं कळल्यावर मात्र गडी मोरीवरून उठेना. सगळी चाळ त्याला लिंबूपाणी पाजत होती, आणि काका बरणी मांडीवर घेऊन हळहळत होते, "नमुना कोरडा पडला रे!" काकींचे हाल तर विचारूच नका. "भाताच्या टोपात किडे ठेवतत, आनी वर माकाच इचारतत, झाकण खंय गेला?" असं त्या मालवणीत कळवळून सांगायच्या, आणि आम्ही मेले हसायचो.

आमच्या चाळीच्या तळमजल्यावर मसाले कुटायची डंकीण आहे. तिच्या मागच्या ओल्या भिंतीवर काकांना एका पावसाळ्यात गोगलगाय सापडली. साधी नव्हे, पिवळीधमक, शंखावर तांबूस झाक. असली गोगलगाय त्यांच्या एकाही पुस्तकात नव्हती. नवी जात सापडली की शोधणाऱ्याने तिला नाव द्यायचं, ही त्या साहेबांची रीत. कोणी राणीचं नाव दिलं, कोणी मित्राचं. काकांनी नाव आधीच ठरवलं होतं: सुलोचना. म्हणजे काकी. "लग्न ठरलं तेव्हा हिला म्हटलं होतं, तुला जग दाखवीन. कणकवलीपलीकडे कधी नेलं नाही रे. निदान जगाला हिचं नाव तरी दाखवू दे," म्हणाले. मी हसायला तोंड उघडलं होतं, ते तसंच मिटलं. काकी मात्र कडाडल्या, "लोक बायलेच्या नावान घर बांधतत, ह्येंका गोगलगायच गावली!" पण कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवणाऱ्या एक बाई तपासायला येणार होत्या, त्या दिवशी काकी ठेवणीतली साडी नेसून, अबोलीची वेणी माळून सगळ्यांच्या आधी भिंतीपाशी हजर.

बाई आल्या. वाकून भिंगातून पाहिलं, मग शंखावरून ओलं बोट हलकेच फिरवलं. बोट पिवळं. ते त्यांनी नाकाशी नेलं मात्र, सटासट शिंका सुरू! हळद आणि मिरची. डंकिणीतून उडालेली पूड ओल्या शंखावर थरावर थर बसली होती, आणि खालून निघाली ती आपल्या कुंड्यांत फिरते तीच तपकिरी गोगलगाय. "काका, ही सगळीकडे सापडते हो," बाई फार हळू आवाजात म्हणाल्या. लालबागमध्ये जन्म काढलेल्या माणसाला हळद ओळखू येऊ नये? पण खरं सांगतो, आम्हा कोणालाच आली नाही. तो वास आमच्या नाकात इतका मुरलाय की आम्हाला तो येतच नाही.

काकींकडे बघायची काकांना हिंमत होईना. बघवत नव्हतं हो ते. तेव्हा झुरळ दिसलं तरी चाळ डोक्यावर घेणाऱ्या काकी पुढे झाल्या, गोगलगाय उचलून तळहातावर घेतली आणि आम्हा सगळ्यांवर नजर फिरवत म्हणाल्या, "बाईंका काय म्हणायचा तां म्हणांदेत. ह्या चाळीत हिका सुलोचनाच म्हणतले. आयकलात मां सगळ्यांनी?" काकींचा हुकूम मोडायची कोणाची टाप होती? माझी बायकोसुद्धा म्हणू लागली, "अहो, तुळशीवर सुलोचना चढलीय, जरा उचला."

गेल्या हिवाळ्यात काकी गेल्या. साध्या तापाचं निमित्त झालं. तेव्हापासून काका पूल ओलांडत नाहीत, गॅलरीत खुर्ची टाकून नुसते बसतात. परवा मी खाली उभा होतो. डंकिणीवर एक नवा कामगार आलाय, उत्तरेकडचा, आठवडाही झाला नसेल. काकींना त्याने कधी पाहिलेलं नाही, त्या कोण हे त्याला ठाऊकही नाही. तो मागच्या भिंतीकडून मालकाला ओरडून विचारत होता, "सेठ, दीवार पे सुलोचना आयी है. हटाऊँ क्या?" मी चटकन वर पाहिलं. काका खुर्चीतून उठून कठड्याशी आले होते.

"राहू दे रे तिला," ते म्हणाले, आणि कितीतरी वेळ तिथेच उभे राहिले.